नल्लकुंट्यात झालेला जर्मन आल्बम

उत्तमराव एडके यांचा स्टुडिओ हैदराबादच्या नल्लकुंट्यात, आमच्या घरासमोरच होता. एका जुन्या दुमजली इमारतीच्या तळमजल्यावर मागच्या बाजूला दोन खोल्या. एकीत गाणारे-वाजवणारे बसायचे, दुसरीत यंत्रं, मधे काच. भिंतींना काथ्याच्या चटया ठोकलेल्या. दारावर 'सुगत रेकॉर्डिंग' असं तेलुगू, इंग्रजी आणि मराठीत लिहिलं होतं. त्यातली मराठी पाटी वाचणारा गल्लीत मी बहुधा एकटाच. आमचं घराणं निजामाच्या काळापासून वकिलीतलं. गाण्याशी माझा संबंध ऐकण्यापुरता. पण मराठीत चार शब्द बोलायला मिळतात म्हणून संध्याकाळी मी त्यांच्या पायरीवर जाऊन बसायचो. त्यामुळे ही हकिकत मी थोडी पाहिलेली आहे, आणि बरीचशी त्यांच्या आणि त्यांच्या पत्नी मनकर्णाबाईंच्या तोंडून ऐकलेली.

उत्तमराव मूळचे भोकरकडचे. बहात्तरच्या दुष्काळात आईबरोबर हैदराबादला आले. आई बेगम बाजारात मिरच्यांची देठं खुडायची. उत्तमराव सुलतान बाजारात आधी रेडिओ दुरुस्तीच्या आणि मग कॅसेटच्या दुकानात लागले. पुढे आंबेडकर जयंतीला गायनपार्ट्यांचे कार्यक्रम ते टेपवर धरायला लागले. कव्वालीच्या ढंगाची भीमगीतं त्यांच्याइतकी स्वच्छ कोणी उतरवत नाही असं नाव झालं, आणि नांदेड, निझामाबाद, आदिलाबादकडच्या पार्ट्या त्यांना शोधत यायला लागल्या. त्यातूनच स्टुडिओ झाला.

मनकर्णाबाई नांदेडच्या. लग्नाच्या वेळी बी.ए. झालेल्या होत्या. हैदराबादला आल्यावर परीक्षा देऊन पशुसंवर्धन संचालनालयात कारकून म्हणून लागल्या आणि हळूहळू सुपरिंटेंडेंट झाल्या. "घर तिच्या पगारावर चालतं, स्टुडिओ माझ्या हौसेवर," असं उत्तमराव सगळ्यांना सांगायचे. मनकर्णाबाईंना हे वाक्य आवडत नसे. "हौस कशाची? तुम्ही काय खेळायला जाता का तिथं?" असं त्या म्हणायच्या.

वेगळ्या तेलंगणाची चळवळ पेटली ती वर्षं स्टुडिओची सगळ्यात भरभराटीची. युनिव्हर्सिटी जवळच. पोरं सकाळी गाणं लिहायची, दुपारी उत्तमरावांकडे ध्वनिमुद्रण करायची आणि संध्याकाळी ते सभेत वाजायचं. एकदा विजयवाड्याहून अखंड राज्यवाल्यांची एक मंडळीही आली. उत्तमरावांनी त्यांना भल्या सकाळी बोलावलं आणि दुपारची पोरं यायच्या आत मागच्या दाराने वाटेला लावलं. दोन्ही गाण्यांत डफ एकाच माणसाने वाजवला होता, असं ते सांगायचे.

अशा दिवसांत, दोन हजार तेराच्या पावसाळ्यात, लोथार नावाचा एक उंच, पांढऱ्या केसांचा जर्मन म्हातारा स्टुडिओच्या दारात उभा राहिला. त्याची मुलगी आन्या माधापूरला एका सॉफ्टवेअर कंपनीत होती आणि तो तिच्याकडे राहायला आला होता. आल्याबरोबर त्याने खोलीत जाऊन एक टाळी वाजवली, कान देऊन ती ऐकली आणि मान हलवली.

"किती मिनिटांचं गाणं आहे, सर?" उत्तमरावांनी आपल्या मोडक्या इंग्रजीत विचारलं.

"बावीस-तेवीस."

"नाही, गाणी किती ते नाही विचारलं. मिनिटं."

"मिनिटंच सांगतोय," लोथार म्हणाला. "आल्बमच्या एका बाजूला काही छोटी गाणी आहेत. दुसऱ्या बाजूला हे एकच."

उत्तमरावांचं आयुष्य चार-साडेचार मिनिटांच्या गाण्यांत गेलेलं. पायरीवर बसून त्यांनी मला विचारलं, "वकीलसाहेब, तेवीस मिनिटं एक गाणं म्हणल्यावर माणूस मधे चहा पिऊन येणार नाही का?"

लोथारचा बॅण्ड होता 'नोर्डमोले' नावाचा. पूर्व जर्मनीत रोस्टोक नावाचं बंदर आहे, तिथला. हे लोक ज्या प्रकारचं संगीत वाजवायचे त्याला प्रोग्रेसिव्ह रॉक म्हणतात, हे मला तेव्हा कळलं. ढोल आणि विजेचा ऑर्गन, आणि सिंफनीसारखी लांबच लांब रचना. बॅण्डमधल्या चौघांपैकी दोघे वारले होते. उरले लोथार आणि ड्रम वाजवणारा एगोन. एगोन विमानाने आला. लोथारचा ऑर्गन आन्याच्या घरसामानाबरोबर कंटेनरमधून आधीच समुद्रमार्गे आलेला होता. तो चार हमालांनी गल्लीतून आणला तेव्हा सगळी गल्ली बघायला जमली. कपाट आहे की पेटी, यावर पोरांत वाद झाला.

छोटी गाणी भराभर झाली. मग ते लांबलचक काम सुरू झालं. त्याचं नाव होतं 'फेरीबोट'. त्या रचनेमागची गोष्ट लोथारने एका दुपारी चहा पिताना सांगितली. रोस्टोकच्या किनाऱ्यावरून डेन्मार्कला फेरीबोट सुटायची. ती रोज दिसायची, पण तिथल्या लोकांना तिच्यात चढायची परवानगी नव्हती. सत्याहत्तर साली बॅण्डने त्यावर ही रचना बांधली. सरकारी रेकॉर्ड कंपनीतल्या एका कमिटीने ती ऐकली आणि निम्मी कापली. बोट बंदरात उभी असते तेवढा भाग ठेवला; सुटते तो भाग काढला. मूळ टेप पुढे कुठे गेली कळलं नाही. नव्वद साली ते राज्यही राहिलं नाही. "एका दिवशी ऑक्टोबरात माझा देश बंद झाला, दुकान बंद होतं तसा," लोथार म्हणाला. "आता ही रचना फक्त आमच्या दोघांच्या डोक्यात आहे. मला ती एकदा सबंध वाजवायची आहे. एका दमात. जोडकाम न करता."

"एका दमात?" उत्तमराव म्हणाले.

"बोट अर्ध्या समुद्रात थांबवून पुन्हा सुरू नाही करत आपण."

उत्तमरावांना सुरुवातीला त्या संगीतातलं काही कळत नव्हतं. मुखडा सापडेना, अंतरा सापडेना. मग अनोळखी रस्ता पायाखाली घालावा तसं त्यांनी ते लक्षात ठेवलं: ऑर्गनची घरघर संपली की ढोल, ढोलामागून दोन ओळी गाणं, मग डाव्या हाताचा एकच सूर कितीतरी वेळ चालू, तिथे बोट सुटते. आठवड्याभरात ते भाजी निवडताना त्यातलं काहीतरी गुणगुणायला लागले. मनकर्णाबाई म्हणाल्या, "हे काय मोटार बिघडल्यासारखं करायलात?"

अडचणी येत गेल्या. एकदा रचना ऐन रंगात असताना गल्लीतून मोर्चा गेला आणि 'जय तेलंगाणा'च्या घोषणा चटया ओलांडून आत आल्या. ऑक्टोबरात राज्य तोडायच्या विरोधात आंध्र भागातले वीज कर्मचारी संपावर गेले, शहरातलेही दिवे कधीही जायला लागले. यंत्रं बॅटरीवर होती, ऑर्गन नव्हता. तो मध्येच हुंदका दिल्यासारखा थांबायचा आणि एगोन अंधारात चार ठोके जास्त वाजवून शिव्या द्यायचा. पण खरी अडचण वेगळीच होती. लोथारच्या डाव्या हाताला मागे एकदा अर्धांगाचा झटका येऊन गेला होता. सुरुवातीला हात नीट चालायचा. शेवटच्या भागात बोटं आखडायची. ऐन बोट सुटते तिथेच. तो थांबायचा, हात मांडीवर घासायचा आणि म्हणायचा, "उद्या."

असे बरेच उद्या झाले.

एका संध्याकाळी लोथार लवकर गेला आणि एगोन मागे राहिला. तो उत्तमरावांच्या खुर्चीशेजारी बसला. "मंगळवारचा पहिला भाग चांगला होता," तो म्हणाला. "आणि शुक्रवारी आपण फक्त शेवट वाजवून बघितला होता, तोही चांगला होता. तू जोडू शकशील?"

"जोडायला काय," उत्तमराव म्हणाले. "जन्मभर तेच केलं."

"मग जोड. त्याला सांगू नको. तो आता सत्तरीला आलाय, किती दिवस असा रडत घरी जाणार?"

उत्तमरावांनी जोडून पाहिलं. सांधा कुठे आहे हे त्यांना स्वतःलाही ऐकू येईना. रात्री जेवताना त्यांनी मनकर्णाबाईंना सांगितलं. त्या दिवसांत मनकर्णाबाईंच्या कार्यालयात निम्मे लोक राज्य तुटावं म्हणून आणि निम्मे तुटू नये म्हणून काम सोडून बसलेले असायचे, आणि त्या दोन्हींत नसल्यामुळे बाकीच्यांची टपालं उरकून थकून यायच्या.

"त्यांनी जोडायचं नाही म्हणून सांगितलंय ना?" त्या म्हणाल्या.

"हौ. पण चांगलं झालंय. अन् त्यांचा हात आता सुधारायचा नाही."

"चांगलं झालं असंल. पण गाणं त्यांचं आहे. त्यांना ऐकवा, अन् काय केलं ते सांगून ऐकवा. त्यांनी ठेवा म्हणलं तर ठेवा."

दुसऱ्या दिवशी उत्तमरावांनी लोथारला खुर्चीत बसवलं आणि सगळं ऐकवलं. एगोन दाराला टेकून उभा होता. लोथारने डोळे मिटून शेवटपर्यंत ऐकलं.

"हे मी कधी वाजवलं?"

"मंगळवारी, सर. आणि शुक्रवारी. मी जोडलं."

"कुठे?"

उत्तमरावांनी पडद्यावर जागा दाखवली. लोथारने ती पुन्हा ऐकली. "मला ऐकू येत नाही."

"नाहीच येणार."

"त्या कमिटीतल्या माणसाने मला हेच विचारलं होतं," लोथार हळू आवाजात म्हणाला. "कापलेलं ऐकू येतंय का? नाही ना? मग तक्रार कसली?"

एगोन दारातून म्हणाला, "ते कापत होते, लोथार. हा जोडतोय."

"ब्लेड एकच असतं," लोथार म्हणाला.

उत्तमरावांना हे इंग्रजी वाक्य चटकन कळलं, कारण टेपच्या काळात त्यांनी दाढीच्या ब्लेडनेच टेप कापलेली आणि जोडलेली होती. त्यांनी विचारलं, "पुसून टाकू का, सर?" लोथार उठला. जर्मनमध्ये एगोनला काहीतरी बोलला आणि निघून गेला. एगोनही थोड्या वेळाने गेला. ड्रम तिथेच राहिले.

पुढचा आठवडाभर कोणी फिरकलं नाही. आन्याने एकदा फोन करून सांगितलं की वडील कोणाशी बोलत नाहीत. उत्तमराव पायरीवर माझ्याजवळ बसून म्हणाले, "माझं चुकलं असं मला वाटत नाही, वकीलसाहेब. पण त्यांचं चुकलं असंही म्हणवत नाही." तेवढ्यात दोन पोरं गाणं घेऊन आली आणि ते आत गेले.

मग एका बंदच्या दिवशी, बस-ऑटो काही नसताना, ते दोघेही आले. आन्याने ओळखीच्या एका पत्रकाराच्या गाडीतून त्यांना आणून सोडलं होतं. मनकर्णाबाईंचं कार्यालय बंद असल्यामुळे त्या घरीच होत्या. चहा घेऊन आल्या आणि काचेच्या अलीकडे उत्तमरावांच्या मागे स्टुलावर बसल्या. लोथारने कुणाशी वाद काढला नाही. ऑर्गनवर बसला आणि एगोनकडे पाहून मान हलवली.

त्या दिवशी वीज गेली नाही. रस्त्यावर बंदमुळे चिटपाखरू नव्हतं. रचना पुढे सरकत गेली आणि शेवटचा भाग आला. डाव्या हाताचा तो लांबलेला सूर सुरू झाला, आणि थोड्याच वेळात तुटला. बोटं आखडली होती. उत्तमरावांचा हात सवयीने थांबवायच्या बटणाकडे गेला. पण लोथार थांबला नाही. त्याने डावा हात उचलून मांडीवर ठेवला आणि उजव्या हाताने पुढे वाजवत राहिला. खालचे सगळे सूर गेले. एगोनने क्षणभर त्याच्याकडे पाहिलं, मग काठ्या खाली ठेवून तळव्यांनी वाजवायला लागला. जिथे सगळ्यात जास्त आवाज व्हायचा, तिथे आता एक बारीक सूर आणि थापट्या एवढंच उरलं. ते तसंच शेवटाला गेलं.

सूर विरून गेला. उत्तमरावांनी थोडी शांतताही रेकॉर्ड होऊ दिली आणि मग बंद केलं.

मनकर्णाबाई मागून म्हणाल्या, "शेवटी बरं वाटलं. आधी लई गर्दी होती."

काचेतून लोथारने विचारलं, बाई काय म्हणाल्या? उत्तमरावांना गर्दीला इंग्रजी शब्द सुचेना. ते माइकवरून म्हणाले, "शी सेज, बिफोर टू मच पब्लिक. नाऊ पब्लिक गॉन. नाऊ गुड."

लोथार आधी हसला नाही. एगोन हसला, आणि त्याचं पाहून मग लोथारही हसायला लागला. बराच वेळ हसला, डोळे पुसले. पुन्हा वाजवून बघायचं का, असं एगोनने विचारलं. लोथार म्हणाला, नको. मग त्याच्यासमोरच उत्तमरावांनी ते जोडलेलं ध्वनिमुद्रण पुसलं. एगोनच्या चेहऱ्यावर ते पुसताना वाईट वाटल्याचं दिसत होतं, असं मनकर्णाबाई सांगतात.

डिसेंबरात दोघे जर्मनीला परत गेले. फेब्रुवारीत राज्य वेगळं करायचा कायदा संसदेत मंजूर झाला आणि जूनमध्ये तेलंगण झालं. त्या रात्री नल्लकुंट्यात इतके फटाके वाजले की उत्तमरावांनी नव्याने भाड्याने आणलेला एक माइक पेटीत घालून ठेवला. गाणी पुढे महिनाभर चालली आणि मग थांबली. मागणीच राहिली नाही. पोरं नोकरीच्या मागे लागली. एकाने रस्त्यात भेटून सांगितलं, "अंकल, अब किसके खिलाफ गाना?"

सरकारी नोकरांची वाटणी सुरू झाली. मनकर्णाबाईंच्या संचालनालयातली माणसं दोन राज्यांत विभागायची होती. वाटणीच्या कामावरच्या कारकुनाने त्यांना विचारलं, "आप कहां के हैं, अम्मा?"

"नांदेड."

"वो तो न इसमें है न उसमें."

"तीस साल से नल्लकुंटे में हूं."

"वो तो रहने का हुआ, अम्मा. मैं स्कूल का पूछ रहा हूं."

शाळा नांदेडची, कॉलेज नांदेडचं. दोन्ही राज्यांच्या हिशेबात त्या परक्याच ठरत होत्या. ज्येष्ठतेच्या क्रमाने कोणाला तरी कुठेतरी टाकायचं होतं. त्यांना आंध्रात टाकलं. त्यांनी अर्ज केला, त्याचं उत्तर आलं नाही. आंध्राचं सरकार काही काळ हैदराबादेतच होतं, त्यामुळे दोन वर्षं त्याच इमारतीत, फक्त वेगळ्या मजल्यावर, त्या काम करत राहिल्या.

आल्बम पुढच्या वर्षी निघाला. लाइपझिगच्या एका लहानशा कंपनीने काढला. उत्तमरावांना टपालाने मोठी काळी रेकॉर्ड आली. त्यांच्याकडे सगळी यंत्रं होती, पण रेकॉर्ड वाजवायचं यंत्र नव्हतं. माझ्या वडिलांचं होतं. म्हणून ते दोघे एका रविवारी सकाळी आमच्याकडे आले, माझी पत्नी सुमन हिने पोहे केले, आणि आम्ही ती ऐकली. मला आवडली असं मी म्हणणार नाही. बऱ्याच ठिकाणी मन भरकटलं. शेवटचा भाग मात्र आम्ही चौघांनीही बशा खाली ठेवून ऐकला. वेष्टनावर उत्तमरावांचं नाव आणि 'नल्लकुंटा' असं छापलं होतं. त्या लांब रचनेचे भाग पाडून प्रत्येकाला नाव दिलेलं होतं. शेवटच्या भागाच्या नावाचा अर्थ आन्याने चिठ्ठीवर लिहून पाठवला होता: गर्दी उतरल्यावर.

मनकर्णाबाईंनी चिठ्ठी दोनदा वाचली. "मी वाजवण्याबद्दल म्हणले होते," त्या म्हणाल्या. "त्यांनी बोटीवरची गर्दी समजली की काय?"

"समजू द्या की," उत्तमराव म्हणाले. "छापून आलंय आता."

दोन हजार सोळाच्या उन्हाळ्यात आंध्राची कार्यालयं हैदराबाद सोडून विजयवाड्याकडे गेली. मनकर्णाबाई जाणार होत्याच. उत्तमराव इथे राहतील असं मला वाटत होतं. पण स्टुडिओला काम नव्हतं आणि मुलगा पुण्याला. "तिनं तीस वर्षं माझ्या शहरात नोकरी केली," ते म्हणाले, "आता मी तिच्या गावात जाऊन बघतो." मोठी यंत्रं एका ओळखीच्याला दिली, दोन माइक आणि संगणक बरोबर घेतला. तीन भाषांची पाटी काढताना एक खिळा निघेना. तो तसाच राहिला.

त्याच ऑगस्टात कृष्णेचा पुष्कर होता, बारा वर्षांनी येणारा. सुमनला स्नानाला जायचं होतं म्हणून आम्ही विजयवाड्याला गेलो. घाटावर माणसांचा समुद्र. लाउडस्पीकरवर तेलुगूत, मग हिंदीत सूचना चालू होत्या, आणि मग एकदम मराठीत, ओळखीच्या आवाजात: "बार्शीचे भगवंतराव, भगवंतराव, तुमची मंडळी तीन नंबरच्या घाटावर दुधाच्या गाडीजवळ उभी आहे. घाबरू नका. आहात तिथून सरळ चालत या."

पोलिसांच्या तंबूत आम्हाला उत्तमराव सापडले. महाराष्ट्रातून खूप लोक येणार म्हणून मराठी बोलणारा माणूस हवा होता. कोणीतरी त्यांचं नाव सुचवलं होतं. आयुष्यभर काचेच्या अलीकडे बसलेला माणूस माइकसमोर बसून घसा बसेपर्यंत बोलत होता. "हरवलेली माणसं मराठीत पटकन सापडतात," ते म्हणाले. "नाव दोनदा घ्यायचं, अन् गाव एकदा."

संध्याकाळी त्यांच्याकडे जेवलो. मनकर्णाबाईंनी गोंगुऱ्याची, म्हणजे अंबाडीच्या पाल्याची, चटणी केली होती. ती त्या शेजारच्या बाईंकडून शिकल्या होत्या आणि तिखटाचं प्रमाण अजून त्यांच्या हाताला जमत नव्हतं. लोथारचा विषय निघाला. तो आता रोस्टोकला वृद्धाश्रमात राहतो आणि तिथल्या पियानोवर उजव्या हाताने वाजवतो, असं आन्याने कळवलं होतं. ऐकणारे चार-पाचच असतात.

जेवण झाल्यावर उत्तमरावांनी आम्हाला गल्लीच्या टोकाचं एक चर्च दाखवायला नेलं. तिथल्या मुलांचं गाणं त्यांना पुढच्या महिन्यात ध्वनिमुद्रित करायचं होतं. छत पत्र्याचं होतं आणि भिंती उघड्या. ते मधोमध उभे राहिले, एक टाळी वाजवली आणि मान तिरकी करून ऐकू लागले. "पत्र्याचा आवाज येतोय," ते म्हणाले. "चटया लागतील." मग मनकर्णाबाईंना विचारलं, इथे काथ्याच्या चटया कुठे मिळतात. त्या म्हणाल्या, उद्या ऑफिसात कोणाला तरी विचारते.